पत्र्याखालचा १४७००के: ३६० राहू दे, २४० घ्या, पण आधी वारं मोकळं करा

खानापूरहून आलेला प्रश्न थोडक्यात असा: "लग्नाचं शूटिंग, एडिटिंग करतो. आय७ १४७००के प्रोसेसर, ३२ जीबी रॅम, आरटीएक्स ४०६० ग्राफिक्स कार्ड, समोर काच असलेलं कॅबिनेट, एका फॅनचा टॉवर कूलर. मशीन माडीवर, पत्र्याच्या खोलीत. एक्स्पोर्ट लावला की पाच मिनिटांत १०० डिग्री. कोल्हापूरच्या दुकानदारानं ३६० चा लिक्विड कूलर सांगितलाय. बजेट बारा हजार. वडील म्हणतात, पाणी न् करंट एका पेटीत? नको बघ. पावसात ओल धरेल काय, लाईट गेली तर काय, आणि माझं मला बसवता येईल काय?"

येईल. स्क्रूड्रायव्हर धरता येत असेल आणि घाई नसेल तर दोन तासांचं काम आहे. पण ३६० (तीन फॅनचा) घेऊ नका. २४० (दोन फॅनचा) घ्या, आणि उरलेल्या पैशांत ते काचेचं कॅबिनेट बदला. त्याच्याही आधी एक फुकटचं काम आहे, ते आज रात्रीच करा.

मशीन चालू करताना बायोसमध्ये (विंडोजच्या आधी उघडणाऱ्या मदरबोर्डाच्या सेटिंगमध्ये) जा आणि पॉवर लिमिट किती आहे ते बघा. १४७००के चा बेस पॉवर १२५ वॅट आणि टर्बोचा २५३ वॅट, हे इंटेलचे आकडे. पण बऱ्याच मदरबोर्डांवर हे लिमिट मोकळं सोडलेलं असतं. काही बोर्ड पहिल्यांदा चालू करताना विचारतात, कूलर कुठला आहे म्हणून. जोडणारा ऐटीत 'वॉटर कूलर' निवडतो आणि तिथं आकडा बसतो ४०९६ वॅट. शेतातल्या विहिरीवरच्या पाच एचपीच्या मोटरीच्या बरोबरीचा आकडा हा! अर्थात प्रोसेसर तेवढं खात नाही. त्याचा अर्थ एवढाच, की "तुला पाहिजे तेवढं खा, मी अडवणार नाही." मग तो खातो, तापतो, १०० डिग्रीला पोचला की स्वतःच वेग कमी करतो. तुमच्याकडे हेच चाललंय. १०० ला लगेच काही जळत नाही, ती त्याची ठरवलेली हद्द आहे. पण रोज रात्री चार-चार तास त्या हद्दीवर बसवून ठेवणंही बरं नाही.

दोन्ही लिमिट, म्हणजे पीएल१ (सतत चालणाऱ्या कामाचं) आणि पीएल२ (थोड्या वेळच्या जोराचं), १८० वॅटवर आणा. वेग थोडा उतरेल, पण लग्नाच्या फिल्मच्या एक्स्पोर्टला तो घड्याळ लावून बघितला तरच कळेल. तुम्ही के घेतलाय, केएफ नाही (त्यात आतलं ग्राफिक्स नसतं), हे फार चांगलं केलंत. आतलं इंटेलचं ग्राफिक्स कॅमेऱ्याच्या १०-बिट ४:२:२ एचईव्हीसी फाइली डिकोड करतं, तुमच्या ४०६० ला ते जमत नाही. सॉफ्टवेअरमध्ये हार्डवेअर डिकोडिंग आणि हार्डवेअर एन्कोडिंग दोन्ही चालू आहेत का बघा. सॉफ्टवेअर एन्कोडिंग राहून गेलं असेल तर सगळा भार प्रोसेसरच्या कोअरवर पडतो, मग कुठलाही कूलर घाला, रडणारच.

बायोसमध्ये गेलाच आहात तर त्याची तारीखही बघा. १३ व्या आणि १४ व्या जनरेशनच्या या मोठ्या चिपांमध्ये व्होल्टेज जास्त मागण्याचा दोष होता. इंटेलनं त्यावर २०२४ च्या ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये मायक्रोकोड (चिपच्या आतल्या सूचनांची दुरुस्ती, बायोसमधून येते) दिला आणि या चिपांची वॉरंटीही दोन वर्षांनी वाढवली. तुमचा बायोस त्याच्या आधीचा असेल तर पहिल्यांदा तो अपडेट करा, मग लिमिट लावा. उलट केलंत तर अपडेटनंतर सेटिंग पुसली जातात आणि परत पहिल्यापासून.

आता कूलर. लिक्विड म्हटलं की लोकांना वाटतं आत फ्रिजसारखं काही आहे. तसं काही नाही. प्रोसेसरवर तांब्याची पट्टी बसते, तिच्यावरून पंप पाणी फिरवतो, नळीतून ते रेडिएटरमध्ये जातं, फॅन त्यातून वारा काढतात. गाडीच्या इंजिनाचं जे चालतं तेच हे. पाणी उष्णता खात नाही, फक्त वाहून नेतं. हिशेब करून बघा: समजा आत पाव लिटर पाणी आहे आणि प्रोसेसर २५० वॅट ओततोय. रेडिएटरनं काहीच केलं नाही तर ते पाणी दर चार सेकंदांना एक डिग्री तापेल. म्हणजे पाण्याचा साठा काही मिनिटांचा आधार. त्यापुढं जे काही होणार ते रेडिएटरमधून जाणाऱ्या वाऱ्यावर. म्हणून दुकानात दोन मिनिटांचा टेस्ट दाखवून "बघा, ६५ च आहे" म्हणतात त्यावर जाऊ नका. तुमचा एक्स्पोर्ट दोन मिनिटांचा नसतो.

आणि तो वारा तुमच्या खोलीतलाच. खोली दहा डिग्रीनं तापली की प्रोसेसरही साधारण दहा डिग्रीनं वर जातो, याला ३६० काय आणि ४२० काय, कुणाचाच इलाज नाही. एप्रिलमध्ये दुपारी पत्र्याखाली उभं राहवत नाही, तिथं मशीनकडून काय अपेक्षा करणार? त्यात भर म्हणजे १८० वॅटचा प्रोसेसर आणि ११५ वॅटचं कार्ड मिळून तुम्ही स्वतःच खोलीत तीनशे वॅटची शेगडी लावलेली असते. पत्र्याखाली थर्माकोलचं सिलिंग आणि भिंतीत एक एक्झॉस्ट फॅन, हा कूलरचाच भाग समजा. मस्करी नाही करत.

"मग लिक्विड कशाला, दोन टॉवरचा चांगला एअर कूलर घेतो की," असं तुम्ही म्हणाल. दुसरा कोणी असता तर मीच तसं सांगितलं असतं. चार-पाच हजारांत येतो, फॅन सोडून त्यात बिघडण्यासारखं काही नसतं, १८० वॅट तो सांभाळतो. पण तुम्ही लिहिलंय की रिसेप्शनला मोठ्या स्क्रीनवर सकाळच्या अक्षतांची फिल्म दाखवायला मशीन गाडीत घालून मंगल कार्यालयात नेता. जांबोटीच्या रस्त्यानं एक-सव्वा किलोचा टॉवर बोर्डावर आडवा लटकत जाणार, प्रत्येक खड्ड्याला बोर्डाला हिसका. लिक्विडचा ब्लॉक (प्रोसेसरवर बसणारा तांब्याच्या पट्टीचा भाग) हलका असतो, जड रेडिएटर कॅबिनेटच्या पत्र्याला स्क्रूनं आवळलेला. तुमच्यासाठी लिक्विड घ्यायचं खरं कारण हे आहे. टेम्परेचर दोन नंबरला.

२४० म्हणजे १२० मिमीचे दोन फॅन, ३६० म्हणजे तीन. २८० मध्ये १४० चे दोन असतात, तो बसत असेल तर उत्तमच. नावात २४० असलं तरी रेडिएटर साधारण २७७ मिमी लांब असतो, ३६० चा ३९७ च्या आसपास. जाडी २७, फॅनची २५, मिळून ५२ मिमी. ही ५२ लक्षात ठेवा, सगळे इथंच फसतात. कॅबिनेटचं छत आणि मदरबोर्डाची वरची कड यात किती जागा आहे ते पट्टीनं मोजा. रॅमवर उंच लायटिंगची टोपी असेल तर फॅन तिच्यावर टेकतो. काही मॉडेलांचा रेडिएटर आणखी जाड असतो. आर्क्टिकच्या लिक्विड फ्रीझर ३ चा ३८ मिमी आहे, फॅन धरून ६३. कूलर चांगला, पण बऱ्याच कॅबिनेटांत छताला जात नाही.

कॅबिनेट घेताना समोर जाळी पाहिजे, एवढं एकच बघा. काचेच्या कडेनं बोटभर फट ठेवून "एअरफ्लो" लिहिलेली कॅबिनेटं म्हणजे खिडकी न उघडता पंखा लावल्यासारखं. २४० साधारण सहा-सात हजारांत, जाळीचं बरं कॅबिनेट चार-पाच हजारांत. बारा हजार झाले. कूलर घेताना दोन गोष्टी दुकानदाराकडून बिलावरच लिहून घ्या: वॉरंटी किती वर्षांची (तीन ते सहा असते, पाचच्या खाली घेऊ नका) आणि बिघडला तर पार्सल कुठं पाठवायचं. सीझनमध्ये कूलर महिनाभर कुरिअरमध्ये फिरत असला की काय होतं ते ज्याचं त्याला माहीत. म्हणून आत्ताचा टॉवर कूलर विकू नका. डब्यात घालून ठेवा.

जुना सेकंडहँड लिक्विड मिळतोय म्हणून घेणार असाल तर नको. तुमच्या एलजीए १७०० सॉकेटची भोकं ७८ मिमीवर आहेत, आधीच्या १२०० ची ७५ वर होती, जुनी आवळायची पट्टी बसत नाही. आणि आतलं पाणी किती उरलंय ते बाहेरून कुणालाच दिसत नाही.

धुळीबद्दल एक सांगतो. बेळगावच्या उद्यमबागेत एका फाउंड्रीच्या ऑफिसात कॅडचं मशीन होतं, मीच जोडलेलं. दोन वर्षांनी फोन आला, लिक्विड गेला म्हणून. जाऊन बघतो तर पंप ठणठणीत. फॅन सोडवले आणि रेडिएटर दिव्यासमोर धरला. आरपार उजेडच येत नव्हता. पत्र्यांच्या मधे मोल्डिंगची काळी धूळ अशी बसली होती की तव्यावरची काजळी वाटावी. ब्लोअर मारला, बाहेर नेऊन मऊ ब्रशनं झाडलं, परत बसवलं, टेम्परेचर जाग्यावर. ते गृहस्थ नवीन कूलरचे पैसे काढून बसले होते! तुमच्याकडे फाउंड्री नाही, पण तांबडी माती आहे. आणि समोरच रस्ता. ब्लोअर मारताना फॅनची पाती बोटानं धरून ठेवा. मोकळी सोडली तर भन्नाट फिरतात आणि बेअरिंगची वाट लागते.

आता वडिलांची भीती. गळती होते का? होऊ शकते, पण मी आजवर बघितलेल्या एका हाताच्या बोटांवर मावतील. पंप बंद पडलेले मात्र बरेच बघितलेत. बंद पडला तरी आग वगैरे लागत नाही, प्रोसेसर तापतो, वेग उतरतो, शेवटी मशीन आपणहून बंद होतं. तरी बसवल्यावर पहिल्या आठवड्यात नळीच्या सांध्यांना दोन-तीनदा टिश्यू पेपर लावून बघा. ओलसर लागला तर मशीन बंद, प्लग काढा, दुकान गाठा.

पावसाळ्यात नळ्यांना बाहेरून घाम फुटेल का, हा प्रश्न कणकुंबीपासून निपाणीपर्यंत सगळे विचारतात. नाही फुटत. थंड पाण्याच्या तांब्याला घाम येतो, कारण तो हवेपेक्षा थंड असतो. इथलं पाणी खोलीच्या टेम्परेचरच्या खाली कधीच जात नाही, तसं काही यंत्रच त्यात नाही. पावसाळ्यात काळजी वेगळी: काम नसताना मशीन महिनाभर बंद ठेवू नका. दोन-तीन दिवसांआड अर्धा तास चालवा, आतली ओल वाळते.

लाईट गेली तर पंपही थांबतो आणि प्रोसेसरही, हिशेब मिटला. अडचण यूपीएसची आहे. तुमचा ६०० व्हीएचा असेल तर तो साधारण ३६० वॅटचा. एक्स्पोर्ट चालू असताना मॉनिटरसकट एवढा भार त्याला झेपेलच असं नाही. हजार-अकराशे व्हीएचा बघा, पण ते पुढच्या ऑर्डरच्या पैशांतून.

बसवायला सुरुवात करण्याआधी रेडिएटर कुठं लावायचा ते ठरवा. तुमच्यासाठी कॅबिनेटच्या छताला, फॅन रेडिएटरच्या खाली, वारा वरून बाहेर. समोर लावला तर प्रोसेसरला ताजं वारं मिळतं हे खरं, पण ती गरम हवा मग कार्डवर जाते. छताचा मोठा फायदा असा की पंप रेडिएटरच्या खाली राहतो. कारण सांगतो: आतलं पाणी कधीच पूर्ण काठोकाठ नसतं आणि वर्षानुवर्षं रबरी नळीच्या अंगातून कणाकणानं कमी होत जातं. त्या जागी जी हवा होते ती सगळ्यात उंच जागी जाऊन बसते. उंच जागा रेडिएटरची असेल तर बसू दे, काही बिघडत नाही. पण रेडिएटर तळाला ठेवून पंप सगळ्यात वर आला, तर पंपात एअर धरणार. विहिरीवरच्या मोटरीनं एअर धरली की काय होतं ते शेतकऱ्याच्या पोराला मी काय सांगू. तळाला रेडिएटर कधीच नको.

फॅन रेडिएटरला जमिनीवरच लावून घ्या. डब्यात लांब स्क्रू फॅनसाठी, आखूड स्क्रू कॅबिनेटसाठी असतात. इथं डोकं शांत ठेवा. आखूडच्या जागी लांब स्क्रू आवळलात तर त्याचं टोक रेडिएटरच्या पाण्याच्या पट्टीत घुसतं. मी वर जी गळती म्हटलं ना, त्यातली एक अशीच झाली होती, आणि ती माझ्याच हातानं, धंद्याच्या पहिल्या वर्षी. रेडिएटर गिऱ्हाइकाला नवीन दिला. फॅनचा वारा ज्या बाजूला जाळीसारख्या चार काड्या आहेत त्या बाजूनं बाहेर पडतो, बाजूच्या कडेवर बाणही असतो.

जुना टॉवर काढताना सरळ ओढू नका. आधी मशीन पाच-दहा मिनिटं चालवून पेस्ट कोमट करा, बंद करून प्लग काढा, मग स्क्रू सोडून कूलर हलकेच डावी-उजवीकडे फिरवत उचला. जुनी पेस्ट आयसोप्रोपिल अल्कोहोलनं पुसा, मोबाईल दुरुस्तीवाल्याकडे मिळतं. कापूस वापरू नका, तंतू राहतात. बोर्डाच्या मागं इंटेलची बॅकप्लेट लावा, पुढून उंच स्टँडचे स्क्रू.

तांब्याच्या पट्टीवर पारदर्शक प्लास्टिक असतं, ते काढा. हसू नका. "लिक्विड घालून पण ९५" म्हणून माझ्याकडे आलेल्या मशिनांत हे प्लास्टिक मी एकापेक्षा जास्त वेळा काढलंय. पट्टीवर पेस्ट आधीच लावलेली असेल तर वरून आणखी लावू नका. नसेल तर या लांबट प्रोसेसरवर मधोमध लांबीच्या दिशेनं एक रेघ आणि दोन्ही बाजूंना एक-एक छोटा ठिपका, बस. ब्लॉक ठेवल्यावर परत उचलून बघायचा मोह आवरा, उचललात तर हवा शिरते, पुसून पुन्हा पहिल्यापासून लावावी लागते. स्क्रू समोरासमोरचे, प्रत्येकाला दोन-दोन फेरे, आळीपाळीनं. एकाच कोपऱ्याला आवळत गेलात तर दुसरी बाजू उचलते.

वायरींत पंपाची वायर बोर्डावरच्या 'एआयओ पंप' किंवा 'पंप फॅन' लिहिलेल्या जागी, आणि बायोसमध्ये ती कायम पूर्ण वेगावर. पंपाला कमी-जास्त करत ठेवण्यात काही फायदा नाही. रेडिएटरचे फॅन 'सीपीयू फॅन'वर. ती जागा मोकळी ठेवलीत तर चालू करताना बोर्ड फॅन एररची ओरड करतो. लायटिंगची तीन पिनची वायर ५ व्होल्टची असते, शेजारची चार पिनची जागा १२ व्होल्टची. जोर लावून घुसवलीत तर लाईट गेले समजा.

चालू करून थेट विंडोजमध्ये जाऊ नका, बायोसमध्येच दहा मिनिटं बसा. प्रोसेसर ३५ ते ५० च्या मधे कुठंतरी स्थिर व्हायला पाहिजे आणि पंपाचा आकडा दिसायला पाहिजे, बहुतेकांचा दोन-तीन हजार फेऱ्यांचा असतो. मिनिटाभरात ८० च्या वर पळायला लागला तर बंद करा: पंपाची वायर नाहीतर ते प्लास्टिक. सुरुवातीला गुळण्या केल्यासारखा आवाज येतो, थोड्या वेळात बसतो. नाही बसला तर कॅबिनेट चालू असतानाच हळूच मागं-पुढं कलतं करा, पंपात अडकलेला बुडबुडा वर निघून जातो. फॅनचा वेग वाढायला चार-पाच सेकंदांचा उशीर लावून ठेवा, नाहीतर प्रत्येक क्लिकला फॅन उसासा टाकतो.

टेस्टला बेंचमार्क नको, तुमचाच मागच्या लग्नाचा प्रोजेक्ट घ्या आणि अर्धा तास एक्स्पोर्ट चालवा. भिंतीवर साधं थर्मामीटर टांगा. ३० डिग्रीच्या खोलीत, १८० वॅटला, अर्ध्या तासानंतर प्रोसेसर ८५ च्या आत असेल तर बसवणं बरोबर झालं. त्याच्यावर असेल तर एकदा कॅबिनेटची बाजू काढून बघा. काढल्यावर पाच-सात डिग्री उतरले तर दोष वाऱ्याचा, नाही उतरले तर ब्लॉक नीट बसलेला नाही.

गाडीतून नेताना बाजूची काच वर येईल असं कॅबिनेट आडवं घालायचं, म्हणजे बोर्ड सपाट राहतो आणि ग्राफिक्स कार्ड लटकत नाही. खाली जुनी गोधडी. कार्यालयात पोचल्यावर उभं करून पाच-दहा मिनिटं तसंच ठेवा, मग चालू करा. पहिल्यांदा थोडा खळखळाट होईल, घाबरू नका. आणि जनरेटरच्या शेजारी, आचाऱ्याच्या भट्टीच्या वाऱ्याला टेबल मांडून देतात तिथं बसू नका, दुसरी जागा मागून घ्या.

रेडिएटर वर्षातून दोनदा झाडायचा, तुळशीच्या लग्नाआधी एकदा आणि अक्षयतृतीयेच्या आधी एकदा. घेणार त्या कॅबिनेटच्या छताचा मोजमाप-फोटो पट्टी धरून पाठवा, त्याचं नाव कळवा. २८० जातोय का ते बघून सांगतो, तोवर कूलरचे पैसे देऊ नका.